शेवट आधी, गोष्ट नंतर

प्रश्न : उन्हाळ्याच्या सुट्टीत आम्ही चौघी मैत्रिणींनी 'टाइमपास'चे तिन्ही भाग ओळीने पाहिले. बाहेर नागपूरचं ऊन, त्यामुळे कूलरसमोरून हलायला कोणी तयार नव्हतं. पहिल्या भागाला रडलो, दुसऱ्याला 'हुश्श' केलं, पण तिसरा संपल्यावर कोणीतरी आपल्याला गंडवलं असं वाटत राहिलं. तिसऱ्यातली नायिका पालवी तर आम्हाला आवडली होती. आत्या म्हणते, ''जोडी जुळली नाही म्हणून रुसल्या तुम्ही, बाकी काही नाही.'' भाऊ म्हणतो, ''हे सगळं त्यांचं पहिल्यापासून ठरलेलं असतं.'' एक मैत्रीण तर म्हणाली, ''कायले पाह्यलं बाप्पा तिसरं!'' यांतलं खरं कोणाचं? अशा प्रेमकथांचे शेवट का फसतात? लोकांना विचारून शेवट केला तर? आणि चौथा भाग आलाच तर पाहावा का?
— एक वाचक, नागपूर

उत्तर : प्रश्न एक म्हणून पाठवलात, पण आत चार निघाले. हरकत नाही, एकेक सोडवू. आधी तुमची तक्रार नेमकी काय आहे ते पाहू. तिसरा भाग कंटाळवाणा होता असं तुम्ही म्हणत नाही. पालवी आवडली नाही असंही नाही. ती आवडली, आणि तरीही फसवणूक झाल्यासारखं वाटलं. कोडं आहे ते या 'तरीही'त.

त्याआधी तारखा मांडू, कारण उत्तर बरंचसं तारखांत आहे. रवी जाधव यांचा 'टाइमपास' ३ जानेवारी २०१४ रोजी प्रदर्शित झाला. दहावीत गटांगळ्या खाणारा, चाळीतला दगडू (प्रथमेश परब) आणि शिस्तीच्या लेले घरातली प्राजक्ता (केतकी माटेगावकर) यांचं प्रेम, आणि शेवटी ताटातूट. १ मे २०१५ रोजी दुसरा भाग आला. त्यात गोष्ट पंधरा वर्षं पुढे जाते. मोठा झालेला दगडू (प्रियदर्शन जाधव) आपल्या प्राजक्ताला (प्रिया बापट) शोधतो आणि पहिल्या भागात तुटलेलं तिथे जुळतं. तिसरा भाग २९ जुलै २०२२ ला आला. त्यात दगडू पुन्हा प्रथमेश परब आहे, तो कॉलेजात गेला आहे आणि त्याच्या आयुष्यात पालवी (हृता दुर्गुळे) येते.

आता पाहा. पडद्यावर आलेला क्रम १, २, ३ असा आहे. दगडूच्या आयुष्याचा क्रम मात्र १, ३, २. तिसऱ्या भागाची गोष्ट पहिल्या आणि दुसऱ्याच्या मधल्या पंधरा वर्षांत घडते. म्हणजे पालवी पडद्यावर पहिलं पाऊल टाकते तेव्हाच तुम्हाला माहीत असतं की पुढे दगडू प्राजक्तालाच शोधत जाणार आहे. तिसऱ्या भागाचा शेवट सात वर्षं आधीच दाखवून झालेला आहे.

इथे आत्याबाईंचा मुद्दा घेऊ. जोडी जुळली नाही की तरुण प्रेक्षक रुसतो, हे ऐकायला पटतं, पण आपल्याच मराठीत त्याच्याविरुद्ध भक्कम पुरावा आहे. मिलिंद बोकील यांची 'शाळा' ही कादंबरी २००४ सालची. आणीबाणीच्या काळातला नववीचा वर्ग, मुकुंद जोशी आणि त्याला आवडणारी शिरोडकर. शेवटी शिरोडकर गाव सोडून जाते आणि जोशीसमोर दहावीचं वर्ष उरतं. जोडी जुळत नाही. तरीही पुस्तकाच्या आवृत्त्या निघत राहिल्या. २०१२ च्या जानेवारीत आलेल्या त्यावरच्या चित्रपटाला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि शिरोडकरला परत आणा म्हणून कोणी मोर्चा काढला नाही. त्या चित्रपटातली शिरोडकर आणि 'टाइमपास'मधली पहिली प्राजक्ता एकच, केतकी माटेगावकर. तिचा जन्म नागपूरचा, त्यामुळे तुमच्या रुसण्यात थोडा गावाचा जिव्हाळा मिसळला असेल तर तेवढं आत्याबाईंना कबूल करून टाका.

दुसरा पुरावा त्याच वर्षातला. 'टाइमपास'नंतर सहा आठवड्यांनी, १४ फेब्रुवारी २०१४ ला, नागराज मंजुळे यांचा 'फँड्री' आला. तिथेही शाळकरी प्रेम आहे, पण जब्याला शालूशी धड बोलताही येत नाही. शेवटी तो दगड भिरकावतो आणि तो सरळ प्रेक्षकांकडे येतो. जुळण्याची शक्यता शून्य. तरी थिएटरातून बाहेर पडणारा माणूस ''शालूचं काय झालं?'' असं विचारत नव्हता, कारण चित्रपटाने सुरुवातीपासून विचारलेला प्रश्नच वेगळा होता. या पोराला हे गाव माणूस म्हणून उभं राहू देणार का, असा तो प्रश्न होता आणि दगड हे त्याचं उत्तर होतं.

यातून पहिला निष्कर्ष निघतो. शेवट सुखाचा की दुःखाचा यावर प्रेक्षकाचं समाधान ठरत नाही. गोष्टीने जो प्रश्न आपल्या मनात पेरला, त्याचं उत्तर मिळालं का, यावर ते ठरतं. 'शाळा'चा प्रश्न होता, ते वय कसं असतं आणि कसं निसटतं. ते निसटलं, म्हणजे उत्तर मिळालं. 'टाइमपास'च्या पहिल्या भागाचा प्रश्न सरळ होता : चाळीतल्या नापास पोराला लेल्यांच्या घरात जागा मिळेल का? तिथे उत्तर अर्धवट राहिलं आणि दुसऱ्या भागाने ते दिलं. म्हणून तुम्ही 'हुश्श' केलंत.

आता कोणी म्हणेल, शेवट आधीच माहीत होता म्हणून मजा गेली, एवढंच. हाही एक सरसकट गैरसमज आहे. शेवट माहीत असणं हा काही गोष्टीचा मृत्यू नव्हे. रामलीलेला जमणाऱ्यांना रावण मरणार हे ठाऊक असतं. कीर्तनात बुवांनी हरिश्चंद्राचं आख्यान लावलं की पहिल्या रांगेतल्या आजीला ते बुवांपेक्षा जास्त पाठ असतं, आणि तरी डोळे तीच पुसते. याचं कारण असं की गोष्ट ऐकताना आपली उत्सुकता दोन तऱ्हेची असते. एक 'काय होणार?' आणि दुसरी 'कसं होणार?'. आख्यान दुसरीवर चालतं. कॉलेजातली प्रेमकथा मात्र जवळजवळ पूर्णपणे पहिलीवर उभी असते : विचारेल का, ती हो म्हणेल का, घरचे मानतील का. त्यातून 'काय' काढून घेतलं, तर 'कसं' फार जोरकस असावं लागतं.

जोरकस म्हणजे कसं? मधली गोष्ट अशी हवी, की ती पाहिल्यावर आपल्याला आधीच माहीत असलेल्या शेवटाचा अर्थ बदलला पाहिजे. दुसऱ्या भागात प्राजक्ताच्या दारात उभा असलेला दगडू आता वेगळा दिसला पाहिजे : हा माणूस आणखी एकदा प्रेमात पडला होता, त्यातून काही शिकला, आणि मग इथवर आला. पण इथेच खरी अडचण आहे. दुसरा भाग २०१५ मध्ये बनला, तेव्हा पालवी हे पात्र कागदावरसुद्धा नव्हतं. त्यामुळे दुसऱ्या भागातला दगडू तिची आठवण काढूच शकत नाही. तिच्यावरून त्याला कोणी चिडवत नाही, तिच्या नावाने तो कुठे अडखळत नाही. पालवी दगडूच्या आयुष्यात आली खरी, पण त्याच्या पुढच्या आयुष्यात तिच्या पावलाचा ठसा कुठेच नाही.

तुम्हाला जे गंडवल्यासारखं वाटलं ते नेमकं हेच, असं माझं म्हणणं आहे. पालवी दगडूला मिळाली नाही याचं दुःख समजण्यासारखं आहे. शिरोडकरही जोशीला मिळाली नाही. पण शिरोडकर गेल्यावर जोशीच्या मनात एक पोकळी राहते आणि ती आपल्याला दिसते. पालवीची पोकळी दिसायला जागाच नाही, कारण पुढचा भाग आधीच चित्रित होऊन, प्रदर्शित होऊन, टीव्हीवरही दाखवून झाला होता. आणि पालवी जितकी आवडेल तितकी ही उणीव टोचणार. हृता दुर्गुळे आधी झी युवावरच्या 'फुलपाखरू' या कॉलेजातल्या प्रेमाच्या मालिकेत होती, त्यामुळे अनेक प्रेक्षक तिच्याबद्दलचा लोभ घरूनच बरोबर घेऊन आले होते. तो लोभ ठेवायचा कुठे, हा प्रश्न तिसऱ्या भागाने सोडवला नाही, आणि दुसऱ्याला तो पडलाच नव्हता.

भावाचं म्हणणं आता सहज निकालात निघतं. सगळं पहिल्यापासून ठरलेलं असतं, तर लेखकाने दुसऱ्या भागात पालवीसाठी एखादं वाक्य तरी राखून ठेवलं असतं. चित्रपटांच्या मालिका बहुधा एकेक भागाने वाढतात. एक भाग चालला की पुढचा लिहिला जातो, आणि आधीच्या भागांनी जे दरवाजे बंद केले ते पुढच्याला उघडता येत नाहीत. दुसऱ्या भागाने दगडू-प्राजक्ताला एकत्र आणून पुढचा दरवाजा लावून घेतला होता. त्याच्यापुढे गेलं असतं तर गोष्ट संसाराची झाली असती : शाळेच्या अॅडमिशन, घराचे हप्ते, सासऱ्यांचं पथ्यपाणी. तिला कोणी 'टाइमपास' म्हटलं नसतं. शिवाय लोकांना पुन्हा पाहायचा होता तो पहिल्या भागातला उनाड दगडू. उनाडपणाला कोवळं वय लागतं, आणि ते वय फक्त मधल्या वर्षांत उरलं होतं. म्हणून गोष्ट मागे वळली. कोणी फसवायला म्हणून ती वळवली नाही, रिकामी जागा तेवढीच शिल्लक होती.

दूरचित्रवाणीवर हे वेगळ्या वाटेने घडतं. मालिकेचा शेवट कधी करायचा हे बहुतेक वेळा कथेपेक्षा टीआरपी आणि प्रसारणाची वेळ ठरवतात. मालिका चालत असेल तर कॉलेजातली जोडी लग्न करते, मग संसार, मग गैरसमज, मग आणखी काही. चालेनाशी झाली की उरलेल्या थोड्या भागांत सगळे धागे घाईघाईने बांधायचे. म्हणून तिथले शेवट कधी लांबलेले आणि कधी तोडून टाकल्यासारखे वाटतात.

मग लोकांना विचारूनच शेवट केला तर? हा प्रयोग होऊन गेला आहे, तोही जगातल्या सगळ्यात चिवट किशोर-प्रेमत्रिकोणावर. आर्ची हा अमेरिकन कॉमिक्समधला पोरगा १९४१ साली जन्मला. रेल्वे स्टेशनच्या बुकस्टॉलवरची त्याची डायजेस्टं आपल्याकडेही पोरांनी पुष्कळ वाचली. बेटी की व्हेरोनिका, हा प्रश्न त्याने जवळजवळ सत्तर वर्षं टांगून ठेवला. २००९ मध्ये सहाशेव्या अंकात त्याने व्हेरोनिकाला मागणी घातली. बेटीवाले चिडणार हे उघड होतं. मग काही अंकांनी त्याच आर्चीचं बेटीशीही लग्न लावलं! दोन्ही लग्नं त्याच्या संभाव्य भविष्यातली, म्हणजे दोन वेगळ्या वाटा. पुढे या दोन्ही संसारांची मिळून एक मालिका काही वर्षं चालली आणि २०१४ मध्ये आर्चीच्या मृत्यूने संपली. दोन्ही बाजूंना खूश करणारा शेवट काढला, तर तो शेवट राहत नाही, वेळापत्रक होतं.

चार्ल्स डिकन्ससारख्या मोठ्या लेखकालाही हा मोह आवरला नव्हता. 'ग्रेट एक्स्पेक्टेशन्स'मध्ये पिप आणि एस्टेला शेवटी ओझरते भेटून वेगळे होतात, असं त्याने आधी लिहिलं होतं. एका लेखकमित्राने हा शेवट फार कडू होतो असा सल्ला दिला, तेव्हा १८६१ मध्ये छापताना डिकन्सने तो बदलून दोघांच्या एकत्र येण्याची आशा ठेवली. मूळचा शेवट त्याच्या मृत्यूनंतर उजेडात आला, आणि यातला चांगला कोणता, यावर तेव्हापासून वाद चालू आहे. शेवट बदलल्याने तक्रारी थांबत नाहीत. तक्रार करणारे तेवढे बदलतात.

आणि शेवट बदलला की गोष्टच बदलते, हे तर आपल्या डोळ्यांदेखत झालं. 'सैराट' (२०१६) मध्ये आर्ची आणि परश्या दोघेही मारले जातात. त्यांचं लहानगं पोर रक्ताने भरलेल्या पावलांनी घराबाहेर येतं आणि पडद्यावरचा सगळा आवाज बंद होतो. त्याचाच हिंदी अवतार 'धडक' (२०१८). तिथे नवरा आणि बाळ जातात आणि मुलगी जिवंत राहते. प्रेम तेच, पळून जाणं तेच, मारेकरी तिच्याच माहेरचे. पण 'सैराट' संपतो तेव्हा आपण त्या पोराचं पुढे काय होणार या विचारात बाहेर पडतो, आणि 'धडक' संपतो तेव्हा त्या मुलीच्या चेहऱ्याकडे पाहत राहतो. दहा मिनिटांच्या फरकाने आधीच्या दोन तासांचा रोख बदलला.

शेवटाचं वजन इतकं का, याचं एक छोटं शास्त्रीय उत्तर आहे. डॅनियल कानेमन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९३ मध्ये एक प्रयोग प्रसिद्ध केला. माणसांना १४ अंश सेल्सिअसच्या गार पाण्यात ६० सेकंद हात बुडवून ठेवायला सांगितला. दुसऱ्या खेपेला ९० सेकंद : पहिली ६० तितक्याच गार पाण्यात, आणि उरलेल्या ३० सेकंदांत पाणी हळूहळू १५ अंशांपर्यंत नेलं. मग विचारलं, यातलं एक पुन्हा करायचं तर कोणतं? बहुतेकांनी जास्त वेळ चालणारं दुसरं निवडलं. त्रास एकूण जास्त होता, पण शेवट जरा सुसह्य होता, आणि लक्षात राहिला तो शेवट. आपलं मन एखाद्या अनुभवाची बेरीज करत बसत नाही. त्यातला सगळ्यात तीव्र क्षण आणि अखेरचा क्षण, यांवरून ते निकाल देतं.

तुमच्या मैत्रिणीचं ''कायले पाह्यलं'' हे याच हिशेबातून आलं आहे. तिसरा भाग तिला पूर्ण वेळ वाईट वाटला असेल असं नाही. मधे ती हसलीही असेल. पण तिन्ही चित्रपटांच्या त्या लांब दुपारीचा अखेरचा घास तो होता, आणि त्याची चव आधीच्या दोघांवर पसरली. २०१४ च्या प्रेक्षकाची गोष्ट निराळी होती. त्याला पहिल्या आणि दुसऱ्या भागामध्ये सोळा महिने मिळाले. तेवढ्या वेळात त्याने आपल्या मनात दगडू-प्राजक्ताचे दहा शेवट करून पाहिले असतील. दुसऱ्यानंतर तर सात वर्षं गेली. तोवर गोष्ट मिटली होती, आणि तिसरा भाग त्याने जुन्या मित्राची भेट म्हणून पाहिला. तुम्हाला दोन भागांच्या मधे मिळाला तो चहाचा ब्रेक.

म्हणून आता व्यवहाराचं बोलू. पुढच्या सुट्टीत हे तिन्ही पुन्हा पाहणार असाल तर १, ३, २ या क्रमाने पाहा. त्याचे तीन फायदे आहेत. दगडूचा चेहरा मधेच बदलून परत मागे येणार नाही : आधी दोन भाग प्रथमेश परब, मग पंधरा वर्षं मोठा झालेला प्रियदर्शन जाधव. पालवीची गोष्ट मालिकेचा शेवट न राहता मधलं प्रकरण होईल, आणि तेवढं ओझं तिला पेलतं. आणि अखेरचा घास भेटीचा असेल. एक गोष्ट मात्र या क्रमाने सुटणार नाही : दुसऱ्या भागात दगडू पालवीचं नाव काढणार नाही. तिथे तुम्ही चौघी मिळून त्याला चार शब्द सुनावू शकता, त्याचं तिकीट लागत नाही.

राहिला चौथा भाग. तो आला तर पाहायला जाण्याआधी एवढंच विचारा : ही गोष्ट दुसऱ्या भागाच्या पुढची आहे की पुन्हा मधलीच? पुढची असेल तर जरूर पाहा, कारण तिथे काय होणार हे कोणालाच ठाऊक नाही. मधली असेल, तर दगडूच्या त्या पंधरा वर्षांत अजून बरीच वर्षं रिकामी आहेत आणि निर्मात्यांनाही ते माहीत आहे. तेव्हा तिकीट काढा, पण नव्या नायिकेवर जीव जडवायचा तो बेतानेच.